धरलं का?

आप्पा गेल्याचा फोन आला तेव्हा मी मांजरसुंब्याच्या फाट्यावर एसटीची वाट पाहत होतो. हातातला चहा सांडला, आणि तेव्हाही मनात आलं, आप्पाने दिलेला कप असा सांडला नसता...

विश्वनाथआप्पा नेकनूरकडच्या आमच्या दूध सोसायटीचा सेक्रेटरी, मी तिथे दुधाचं फॅट तपासणारा. दुधाचा कॅन असो की कप, समोरचा "धरलं" म्हणेपर्यंत आप्पा हात सोडत नसे. आम्ही त्याची भरपूर टिंगल केली. खरं कारण सगळ्यांना ठाऊक होतं. तरुणपणी एका दुष्काळात विहीर खोल करताना आप्पा वर दोर धरून होता, धाकटा भाऊ तळाशी. दगडांनी भरलेलं टोपलं वर येता येता खाली गेलं, भाऊ जागीच संपला. दोर हिसक्याने निसटला की आप्पाने दमून सोडला, यावर गावात दोन मतं. आप्पाने भावाचं नाव पुन्हा कधी घेतलं नाही.

पुढे आणखी एक दुष्काळ आला. जनावरं छावणीत गेली, सोसायटीत दूध येईना. त्या रिकाम्या दुपारी आप्पाने बीडच्या एका प्राध्यापकाकडून जपानी सिनेमाची डिस्क आणि प्रोजेक्टर आणला. खिडक्यांना पोती लावून चुन्याच्या भिंतीवर आम्ही तो पाहिला. युद्धावरून परतलेला सुतार गावाची दारं बनवतो, पण स्वतःच्या घराचं दार लावायला धजत नाही. भाषा कुणाला कळणार? "आवाज बारीक कर बे, मला सरांनी समदं सांगितलंय," म्हणत आप्पा उलट्या कॅनवर बसून सगळ्यांचं बोलू लागला. सुताराची बायको आपल्या बोलीत कावायची, आम्ही हसून लोळायचो. शेवटी सुतार दार लावून युद्धात मेलेल्या सोबत्याच्या टोपीसमोर बसतो. तिथे आप्पाचा आवाज घोगरा झाला. "म्या सोडला न्हाई रे... हाताची सालटी निघाली, पर म्या सोडला न्हाई." आम्ही डोळे पुसले आणि म्हणालो, काय लिहिलंय जपान्यांनी!

मागच्या वर्षी माझ्या मुलीने तोच सिनेमा मोबाईलवर लावून दिला, खाली अक्षरं उमटत होती. शेवटच्या प्रसंगात ती येईनात. आवाज वाढवून पाहिला. सुतार एक शब्दही बोलत नाही, नुसता बसून राहतो. म्हणजे ते शब्द आप्पाचेच होते. सातासमुद्रापलीकडच्या त्या गप्प माणसाशेजारी आप्पाला जागा सापडली होती, आणि आमच्या देखत, भर दुपारी, तो भावाशी बोलून गेला होता. त्याला विचारायची माझी हिंमत झाली नाही.

दहाव्याला आप्पाच्या बायकोने, वहिनींनी, त्याने जपून ठेवलेली ती डिस्क माझ्यापुढे केली. "तुमच्यापाशीच ऱ्हाऊ द्या, भावजी."

मी घेतली, पण त्यांचा हात सुटेना. क्षणभर मला कळलंच नाही. मग म्हणालो, "धरलं, वहिनी."

तेव्हा त्यांनी सोडली.