कॅमेऱ्याच्या कार्डात मावलेली एक्सपी

कल्पना करा, तुमच्यासमोर संगणकातल्या हजारो फाइल्स आहेत आणि त्यांतल्या निम्म्याहून जास्त काढून टाकायच्या आहेत. कोणती फाइल कोणाच्या आधाराने उभी आहे, हे कुठेही लिहिलेलं नाही. एक चुकीची निघाली की संगणक ठप्प, पडदा निळा, आणि पुन्हा पहिल्यापासून. एका फेरीला चाळीस मिनिटं.

डिचोलीचे गोकुळदास गावस हे हौसेने करतात. पूर्वी ते खाणीच्या वजनकाट्यावरचा संगणक सांभाळत. खाण बंद पडली, तसे ते संगणक चालवणाऱ्या जुन्या विंडोज एक्सपीला तासून स्वतःच्या आवृत्त्या बनवू लागले. कंपनीने अशा आवृत्त्या कधीच काढल्या नव्हत्या. अभियांत्रिकीची चार वर्षं शिकूनही मला त्यांतली एकही जमणार नाही.

गेल्या वर्षी हरमलच्या शांता नाईक त्यांच्याकडे संगणक घेऊन आल्या. शांताताई भरतकामाच्या मशीनवर शाळेच्या गणवेशांचे बिल्ले भरतात. मशीनला नक्षी पाठवणाऱ्या संगणकाची डिस्क बिघडली होती, आणि ते सॉफ्टवेअर एक्सपीशिवाय चालत नाही. शाळा उघडायला पाच दिवस, चारशे बिल्ले बाकी. वेळेत गेले नाहीत तर काम कायमचं म्हापशाच्या दुसऱ्या कोणाकडे जाणार होतं.

तशी जुनी डिस्क कुठे मिळेना. गोकुळदासांनी तिच्या जागी जुन्या कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड बसवलं. त्यात जागा अर्धा जीबी. एक्सपीला लागते दीड. मग खेळ गेले, आवाज गेले, फाइल शोधून देणारा पिवळा कुत्रा गेला. शांताताईंकडे प्रिंटर नव्हता, म्हणून छपाईचं सगळंच गेलं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी संगणक अकरा सेकंदांत उघडला! मी तिथेच बसून घड्याळ लावून पाहिलं.

"जितो झालो मरे?" शांताताईंनी विचारलं.

"श्वास घेता. बोलणा नाय," गोकुळदास म्हणाले.

भरतकामाचं सॉफ्टवेअर किल्ली मागत होतं. किल्ली म्हणजे ते विकत घेतल्याची खूण असलेला, मागे खोचायचा छोटा ठोकळा.

"बाय, ती किल्ली खंय लायतंस?"

"प्रिंटराच्या भोकात. आनी खंय?"

गोकुळदासांनी कपाळावर हात मारला. छपाईबरोबर त्यांनी किल्लीची वाटही काढून टाकली होती. त्यातलं किल्लीला नेमकं काय लागतं हे ठाऊक नव्हतं, आणि सगळं परत घ्यायला कार्डात जागा नव्हती.

मग त्यांनी एक जुनी सीडी काढली. इंटरनेटवरच्या कोणा अनोळखी माणसाने तासलेली एक्सपी, यांच्यापेक्षाही बारीक. तिच्यातही छपाई नव्हती, पण प्रिंटरच्या पोर्टच्या, म्हणजे त्या भोकाच्या, दोन फाइल्स तेवढ्या राहिल्या होत्या. तो त्या काढायला विसरला, असंच गोकुळदास इतकी वर्षं समजत होते. त्यांनी त्या दोन उचलून कार्डात घातल्या.

तिसऱ्या दिवशी हरमलला मशीनची सुई टकटकत सुटली. बिल्ले शाळेत एक दिवस आधी पोचले.

गोकुळदास मात्र अजून त्या सीडीपाशीच आहेत. परवा मला म्हणाले, "तो माणूस विसरला नव्हता रे. त्याच्याही समोर कोणाचं तरी यंत्र अडून बसलं असणार. कसलं असेल ते?"