आधी जिथे लागलं तिथे

शुक्रवार, २३ मे. लोणच्याच्या कैऱ्या फोडायला बसले होते. माझा उजवा हात कोपरातून पुरता सरळ होत नाही, त्यामुळे अडकित्त्यावर डाव्याने जोर द्यावा लागतो आणि वेळ जातो. निम्म्या कैऱ्या झाल्या तेव्हा बदलापूरहून प्रोबेशनबाईंच्या भाचीचा फोन आला. बाई दुपारी गेल्या. उद्या दहाला नेणार.

परिवीक्षा अधिकारी हा सरकारी शब्द आमच्या चाळीत कुणाच्या तोंडात बसेना, म्हणून प्रोबेशनबाई. गुन्हा शाबीत झालेल्या माणसाला तुरुंगात पाठवायचं की चांगल्या वागणुकीच्या हमीवर सोडायचं, हे ठरवण्याआधी कोर्ट त्यांचा अहवाल मागवत असे. चौकशीला बाई घरोघरी जात, पण नुसत्या बसत नसत. त्या घरात जे काम पडलं असेल ते पुढ्यात ओढत. लसूण सोलत, तांदूळ निवडत. "वही उघडली की माणूस पोलिसाशी बोलतो. वाल सोलायला घेतले की शेजारणीशी बोलतो," असं त्यांचं म्हणणं.

माझ्याकडे त्या वालच सोलत बसल्या होत्या. अंबरनाथच्या आमच्या चाळीत समोरच्या खोलीतल्या राजूने दारात लावलेल्या मोटरसायकलवरून भांडण काढलं आणि मला ढकललं. गटाराच्या कडेवर पडले, कोपर मोडलं. उल्हासनगरच्या जीन्सच्या कारखान्यात मशीनवर होते, ते काम सुटलं. खटला रेंगाळत चालला आणि शेवटी राजू दोषी ठरला. तेव्हा बाई आल्या, त्याच्याआधी माझ्या घरी. "आधी जिथे लागलं तिथे, मग जिथून लागलं तिथे," त्या म्हणाल्या. "उलट गेलं तर पहिल्या घरचा चहा पोटात घेऊन दुसऱ्याचं ऐकावं लागतं."

"त्याला आत टाका. मला दुसरं काही नको," मी सांगितलं.

"तुम्ही असं म्हणालात, हे लिहीन. पण तो आत गेल्यावर तुमच्या औषधाला पैसे कोण देणार?"

"तुम्ही त्याची वकिली करायला आलात का?"

"नाही हो. त्याला वकील आहे. तुम्हाला कोण आहे ते बघायला आले." आणि पुढचा वाल सोलला.

निकाल लागला त्या संध्याकाळी त्या माझ्या दारात उभ्या. "कोर्टाने त्याला सोडलंय. दोन वर्षं माझ्या देखरेखीखाली, आणि तुम्हाला भरपाई द्यायची. सोडावं असं मीही म्हटलं होतं. दुसऱ्याकडून कळण्याआधी माझ्याकडून ऐका." मी चहाही विचारला नाही. बाईंनी तो मागितलाही नाही. दुसऱ्याच आठवड्यात मला घेऊन सरकारी मदतीच्या अर्जासाठी कोर्टातल्या विधी सेवेच्या कचेरीत गेल्या. तिथला कारकून "नंतर या" म्हणाला, तर बाकावर बसून त्याच्या टेबलावरचे सुटे कागद टाचायला लागल्या. त्याने लाजून अर्ज घेतला.

मग कारखान्याच्या सिंधी शेठकडे नेलं. "शेठ, हिचा हात वाकडा झालाय, डोळे शाबूत आहेत. माल तपासायला ठेवा."

"अदी, तुम तो कोर्ट से भी भारी हो," शेठ कपाळाला हात लावून म्हणाला. अदी म्हणजे त्यांच्यात ताई. आजही मी त्याच कामावर आहे.

बाई चुकतही. राजूला माझ्यासाठी काहीतरी करायचं होतं, ते त्यांनी ऐकलं आणि रोज सकाळी माझ्या दारात पाण्याचा हंडा भरून ठेवायला त्याला हो म्हटलं. पहिल्याच सकाळी मी तो हंडा सगळ्यांसमोर गटारात ओतला. "अगं, राग पोरावर काढ, पाण्यावर का?" त्याची आई ओरडली. मला त्याचं आजही वाईट वाटत नाही. बाईंना कळलं तशा आल्या. "चूक माझी. देणाऱ्याला विचारलं, घेणारीला नाही."

"आता त्याला माफ करा म्हणाल," मी म्हटलं.

"ते मी कुणालाच सांगत नाही. माझ्या नोकरीत बसत नाही. एवढंच म्हणते, त्याच्या आईशी बोला. तिच्यावर खटला नव्हता."

आईशी बोलायला लागले. राजूशी नाही. देखरेख संपली, तो आनंदनगरला कारखान्यात लागला, बाई निवृत्त झाल्या. येत राहिल्या, आधी माझ्याकडे, मग समोर. मी त्याच्याशी बोलते का, हे त्यांनी एकदाही विचारलं नाही.

फोन आला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी समोरच्या दाराची कडी वाजवली. राजू बनियनवर, तोंडात ब्रश.

"बाई गेल्या. दहाला बदलापूरला नेणार आहेत."

त्याने ब्रश काढला. कोण बाई, हे विचारलं नाही. "वैनी, मी आलो तर चालेल?"

"म्हणून तर सांगायला आले. शर्ट घाल."

तो आत गेला. त्याच्या आईने स्टूल पुढे केलं. मी बसले नाही, पण थांबले.