बाबा रिटेक देत नाहीत

परक्या लोकांच्या घरात कॅमेरा घेऊन शिरताना मी कधी दमलो नाही. स्वतःच्या घरात शिरलो आणि दोन वर्षांत पार पिट्टा पडला! घरच्यांवरची डॉक्युमेंटरी फिल्म अजून अर्धीच आहे, किस्से मात्र हार्ड डिस्क भरून उरलेत.

विषय साधा. उरणकडे आमचं मिठागर होतं, ते विकलं. आता तिथे कंटेनर यार्ड आहे. कागदावर सही बाबांनी केली आणि त्यानंतर घरात त्या जागेचं नाव कोणी काढलं नाही. मला बाबांच्या तोंडून त्या सहीबद्दल ऐकायचं होतं, तेवढंच. ते मिळालं नाही तर फिल्मला काही अर्थच नाही.

*

पहिला दिवस आईचा. "रोजचं काम कर, माझ्याकडे बघू नकोस," एवढंच सांगितलं. ट्रायपॉड लावून वळलो तर मातोश्री लग्नातला शालू नेसून कोळंबी सोलतायत!

दुसऱ्या दिवशी तोच सीन पुढे न्यायचा होता. म्हटलं, "आई, कालचीच साडी नेस."

"लागोपाठ दोन दिवस तीच? लोकं म्हणतील हिच्याकडं दुसरी न्हाय!"

तिसऱ्या दिवशीही तेच. आता त्या सीनमध्ये आई एकाच ताटातली कोळंबी तीन साड्यांत सोलते.

*

काकाचे कंटेनर वाहणारे ट्रेलर चालतात, त्यामुळे गावात त्याचे सारखे सत्कार. समोर मी आणि मांजर. कॅमेरा सुरू झाला तसा काका उभा राहिला. "व्यासपीठावरील सर्व मान्यवर..."

"काका, बसून बोल. आपलंच घर हाय."

बसला. खाकरला. "व्यासपीठावरील सर्व मान्यवर..."

शेवटी वैतागून थेट मिठागराचं विचारलं. पहिल्यांदाच त्याचा आवाज खाली आला.

"ते दादाला विचार. सही त्यानं केली."

*

बाबा एकदाच बोलायला लागले. ओटीवर बसले होते, मी काही विचारलंही नव्हतं. "त्या दिवशी सही करताना माझा हात..."

"चहा घ्या, गार होतोय!" आई ट्रे घेऊन थेट फ्रेममध्ये!

मी आईवर असा ओरडलो की ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. अजून लाज वाटते. बाबांनी शांतपणे चहा संपवला.

"बाबा, परत एकदा सांगता?"

"एकदा सांगितलं ना? तवा तू ऐकत नव्हतास काय?"

त्यानंतर सात-आठ वेळा विचारून बघितलं. उत्तर हेच.

*

गेल्या मे महिन्यात शेवटचा प्रयत्न म्हणून त्यांना यार्डावर नेलं. शूटिंगची परवानगी मिळवताना नाकी नऊ आले होते. फाटकाशी बाबा थांबले. चप्पल काढली आणि भिंतीला लावून नीट ठेवली.

"बाबा, बारा वाजलेत! काँक्रीट तापलंय, पाय भाजतील."

"मिठाच्या वाफ्यात चप्पल घालून कोण उतरतं?"

आणि चालायला लागले. समोर मोकळा रस्ता होता, पण सरळ गेले नाहीत. थोडं पुढे, मग डावीकडे, मग परत उजवीकडे, बांधाबांधानं चालावं तसे. मी कॅमेरा घेऊन मागे.

एकदम थांबले. वळले. दोन वर्षांत पहिल्यांदा सरळ लेन्समध्ये बघितलं.

"आणि तू बूट घालून कुठं निघालास?"