तळ्याखालच्या लोकांची बोली

सौंदडच्या बिडी कारखान्यात ती माझ्या शेजारी बसायची. नाव मी कधी विचारलं नाही, मी तिला नुसतं बाई म्हणायचे. तेंदूची पानं कापताना ती मधूनच भलतंच काही बोले. मी हसले तर म्हणाली, "हासतेस कायले? तळ्याखालच्या लोकांची बोली आहे हे."

लहानपणी धानावरची पाखरं हाकलताना तिनं नि तिच्या बहिणीनं हे लोक मनानंच रचले होते, त्यांची बोलीसुद्धा. बहीण तापानं गेली आणि बोलणारी ही एकटीच उरली. म्हणून तिनं ती मला शिकवली. मग काय विचारता! बिड्या तपासणारा मुनीम समोर असतानाच आम्ही त्याच्या मिशीला गोगलगाय म्हणायचो. त्याला काही कळायचं नाही.

एक दिवस त्यानं माझ्या अर्ध्या बिड्या मोडून फेकल्या. म्हणाला, "उद्यापासून येऊ नको." मी घाबरले आणि काम वाचावं म्हणून त्याला बोलीचं, मिशीचं सगळं सांगून टाकलं, बाईनंच शिकवलं म्हणून. माझं काम टिकलं. तिला मात्र त्यानं सगळ्यांपुढे ती बोली बोलायला लावली, लोक पोट धरून हसले, आणि मग तिला काढून टाकलं.

ती आपलं पानं-तंबाखूचं सूप उचलत होती. मी तिच्याच बोलीत माफी मागू लागले. ती मराठीत म्हणाली, "पोरी, त्या लोकांत चुगलखोराले शब्दच नाही. आमी तो बनवलाच नाही."

ती बोली मला अजून अख्खी येते. बोलू कोणाशी?