राजाजीनगर ते पीण्या: रस्ता रुंद झाला, चालणारे गटारात

बंगळूरला जायचं ठरवलं ते बागा बघायला. नव्वदीचं दशक, मी पुण्यात शाळामास्तरीण, दिवाळीची सुट्टी लागलेली. राजाजीनगरात माझी मावसबहीण सुमनअक्का. तिचं सासर पिढ्यान्‌पिढ्या बंगळूरचं, त्यामुळे मराठीत कानडी छान मुरलेली. तुम्ही गेलात आणि सामान कमी असेल तर स्टेशनावरून बसच घ्या. रिक्षावाले नवख्याला ओळखतात.

अक्का पीण्याच्या औद्योगिक वसाहतीत एका छोट्या कारखान्यात टायपिस्ट होती, रोज सायकलने जायची. "चल की उद्या. आमच्या कँटीनचं चित्रान्न खाऊन बघ," म्हणाली. चित्रान्न म्हणजे लिंबू पिळलेला फोडणीचा भात. भावजींची सायकल घेऊन मी निघाले.

राजाजीनगरातले सावलीचे रस्ते म्हणजे सुख. पुढे हमरस्ता लागला आणि माझे हात हँडलवर आवळले गेले. नुकतंच रुंदीकरण झालेलं. डांबर थेट गटाराच्या काठापर्यंत.

"इथं फुटपाथ होता. खाऊन टाकला," अक्का म्हणाली.

डबे घेतलेल्या बायका, कामगार, सगळे त्या काठावरून एकामागे एक चालत होते. मागून लॉरीचा हॉर्न आला. "स्वल्प कडेला घे गं!" अक्का माझ्याकडे वळून ओरडली, आणि तिचंच चाक घसरलं. सायकलसकट ती गटारात. चालणाऱ्या बायकांनी तिला वर ओढलं. मनगट मोडलं होतं. लॉरी थांबलीसुद्धा नाही.

चित्रान्न राहिलंच. प्लास्टर घातलेला हात गळ्यात अडकवून अक्का मला घेऊन रस्त्यांच्या कचेरीत गेली. इंजिनियर सभ्य होता, कॉफी मागवली. "मॅडम, निधी रुंदीकरणाला आला होता. फुटपाथची तरतूदच नव्हती."

"आणि सायकलींची?"

तो हसला. "थोड्या वर्षांनी सायकल चालवणार कोण? सगळे स्कूटर घेतील."

"स्कूटर घेईपर्यंत जिवंत तर राहायला हवं ना, सर?"

त्याने कॉफीचा कप खाली ठेवला. मग म्हणाला, "सरी, सरी. बरं, बरं. काहीतरी करतो."

माझं डोकं भणभणत होतं. कर घेताना कुणी विचारत नाही, तुम्ही चालता की मोटारीतून फिरता. खर्च करताना मात्र चालणारे दिसेनासे होतात! सुट्टीच्या शेवटी बागाही पाहिल्या. सुंदर आहेत, सकाळी जा. पण त्यांच्या फाटकापर्यंत पायी कसं पोचायचं, ते मला विचारू नका.

पुण्याला परतल्यावर काही आठवड्यांनी अक्काचा फोन आला. "केलं गं त्यांनी काहीतरी."

"फुटपाथ?"

"फलक लावलाय. पादचाऱ्यांनी व सायकलस्वारांनी जपून जावे. लोखंडी खांबावर, सिमेंटच्या चौथऱ्यावर."

"कुठे?"

"त्या काठावरच की. आता चौथऱ्याला वळसा घालायला सगळे लॉऱ्यांच्या मधे उतरतात."

अक्काला त्या पडण्यानंतर सायकल चालवता आली नाही. मनगट सरळ जुळलं नाही. लोक विचारतात, बंगळूर कसं वाटलं? मी आधी त्या फलकाचं सांगते. अजून सांगताना आवाज चढतो माझा, आणि तो मी खाली आणत नाही.