ओल्या गोणपाटाखालचे पट्टे

लातूरला रेल्वेने पाणी येत होतं, त्या उन्हाळ्यात मी कंधारला निघाले. पुण्यात सगळ्यांनी वेड्यात काढलं. पण तिथे शाळेत शिकवणाऱ्या माझ्या मैत्रिणीचा, संगीताचा, फोन आला होता, "साप लई निघून राहिलेत, ये बघायला." सापांवरची पुस्तकं वाचून मला शिंगं फुटलेली. असं आमंत्रण सोडते कुठली!

बार्शीमार्गे जाणारी लातूरची एसटी लातूरच्या अलीकडच्या मुरुडला चहासाठी थांबली. उन्हाळ्यात जाल तर पाणी घरूनच न्या. मला तर तिथे पेलाभर मागायचीही लाज वाटली. मागच्या सीटवर वाद रंगला होता.

"उदगीर जिल्हा करून राहिलेत म्हनं."

"आधी नळाला पानी सोडा म्हनावं!"

लातूरहून गाडी बदलून अहमदपूर, लोहा करत कंधारला पोचेपर्यंत पाठीचा भुगा झाला. संगीताच्या सासूबाई विमलबाईंनी "जय भीम, या" म्हणत दारातच गार पाणी दिलं.

सकाळी चुरमुऱ्यांचा सुशीला खाल्ला (चुकवू नका!) आणि कंधारच्या किल्ल्याकडे निघणार, तोच विमलबाईंनी अंगणातून हाक मारली. टँकरचं पाणी गार राहावं म्हणून इथे ड्रमभोवती ओलं गोणपाट गुंडाळतात. त्याखालून एक काळी शेपटी डोकावत होती. तिच्यावर पांढरे पट्टे.

"कवड्या आहे," मी ऐटीत म्हणाले. "बिनविषारी."

"हाव? मग काढते मीच. पानी भरायचं हाय." विमलबाई वाकल्या.

त्यांचा हात गोणपाटाला लागणार, तेव्हा कुठे मी नीट पाहिलं. कवड्याचे पट्टे मानेकडे ठळक आणि शेपटीकडे पुसट होत जातात. जहाल विषारी मण्यारीचं उलट. इथे शेपटीवरच ते जोडीजोडीने ठसठशीत होते.

"आई, हात मागे घ्या!" मी किंचाळले.

फोन करून बोलावलेल्या सर्पमित्राने लांब काठीने गोणपाट उचललं. मण्यारच होती. तिचा चावा कित्येकदा दुखतही नाही, म्हणून माणूस गाफील राहतो, असं तो म्हणाला. चावलंच तर कापू नका, आवळून बांधू नका, मांत्रिकाकडे तर नेऊच नका. फार हलू न देता थेट सर्पदंशाची लस असलेल्या रुग्णालयात न्या. ते कुठे आहे, हे गावात पोचताच विचारून ठेवा.

तो मण्यार घेऊन गेला. विमलबाई शांतपणे घागर भरत म्हणाल्या, "तुमी सांगितलं म्हनून वाकले, बाई. न्हाईतर कशाला हात घालते?"

किल्ला नंतर पाहिला. सुंदर आहे, पण फारसा आठवत नाही.

आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर अधूनमधून कुणीतरी सापाचा फोटो टाकतं. विषारी आहे का, विचारतं. पूर्वी मी झटकन नाव सांगायचे. आता आधी विचारते, "तुम्ही किती लांब उभे आहात?"