हयातीत

माझे शालेय शिक्षण नववीपर्यंतच झाले. परंतु अर्जलेखन ही विद्या कोणत्याही शाळेत मिळत नाही, हे प्रारंभीच नमूद करणे मला आवश्यक वाटते. सातारा जिल्ह्यातील एका तहसील कचेरीबाहेर मी अनेक वर्षे अर्ज लिहिले. पुढे पत्नीस जर्मनीतील कोलोनच्या एका वृद्धाश्रमात परिचारिकेची नोकरी लागली आणि आम्ही सहकुटुंब येथे आलो. लेखणी मात्र सुटली नाही. कार्ल्सरूहेपासून ऱ्युसेल्सहाइमपर्यंतची आपली मंडळी सरकारी कामासाठी आजही मलाच फोन करतात. मजकूर मी मराठीत बांधतो आणि माझी कन्या तो जर्मनमध्ये उतरवते.

आमच्या खालच्या मजल्यावर एक वयोवृद्ध डॅनिश नट राहतात. तरुणपणी त्यांनी कोपनहेगनच्या रंगभूमीवर व काही चित्रपटांत कामे केली. उरलेली कारकीर्द जर्मन दूरचित्रवाणीवर गेली. येथील गुन्हे-मालिकांत जेथे परका माणूस हवा असे, तेथे त्यांना बोलावणे जाई. कधी तस्कर, कधी जहाजाचा कप्तान, कधी ज्याच्यावर उगाच संशय घेतला जातो असा शेजारी. त्यांची जर्मन उसनी आणि माझी त्याहून उसनी. दोघेही सावकाश बोलत असल्यामुळे आमचे उत्तम जमले. चहा झाला की मी स्वयंपाकघरातील हीटिंगच्या पाइपवर चमच्याने दोनदा वाजवावे आणि त्यांनी वर यावे, असा परिपाठ पडला होता.

एका रविवारी आमच्या टीव्हीवर त्यांची जुनी मालिका पुन्हा दाखवत होते. पडद्यावर ते तरुण होते आणि एका बंद दारावर थाप मारीत होते. मी म्हणालो, "काय भारदस्त आवाज आहे आपला."

त्यांनी कप खाली ठेवला. "तो आवाज माझा नाही."

मग त्यांनी सांगितले. त्यांच्या जर्मनमध्ये डेन्मार्क फार ऐकू येतो, अशी निर्मात्यांची तक्रार असे. म्हणून चित्रण संपले की स्टुडिओत एक जर्मन नट त्यांचे सर्व संवाद पुन्हा बोलत असे. सर्व भूमिकांत तोच. मागल्या हिवाळ्यात तो वारला.

"मग आता हे कोण बोलतंय?" पत्नीने विचारले.

"मेलेला माणूस. माझ्या तोंडून."

पत्नीने रिमोट घेऊन आवाज बंद केला. पडद्यावरचे तोंड हलतच राहिले.

थोड्या वेळाने त्यांनी खरी गोष्ट काढली. त्यांच्या गळ्याची शस्त्रक्रिया ठरली होती. स्वरयंत्र काढणार होते. त्यानंतर त्यांना आवाज राहणार नव्हता. तत्पूर्वी आपला त्या वेळचा आवाज एकदा ऐकावा, एवढीच त्यांची इच्छा होती. मूळ ध्वनिमुद्रण वाहिनीच्या संग्रहात होते. त्यांनी दोनदा लिहिले होते, उत्तर नव्हते.

"इतकी वर्षं काम केलं," ते म्हणाले. "ते मी केलं की त्यानं, एवढं मला कळायला हवं."

मी प्रकरण हाती घेतले. रिवाजाप्रमाणे अर्ज तृतीय पुरुषी बांधला: सदर अर्जदाराने आपल्या हयातीत अनेक भूमिका केल्या असून त्यांपैकी एकाही भूमिकेत त्याचा स्वतःचा आवाज प्रेक्षकांपर्यंत पोहोचलेला नाही, सबब मूळ ध्वनिमुद्रण ऐकावयास मिळावे. खाली 'अर्जदारातर्फे' म्हणून मी सही केली. कन्येने शब्दास शब्द देऊन तो उतरवला.

आठवड्याच्या आत उत्तर आले, सोबत ध्वनिमुद्रणही. नट आमच्याच टेबलाशी बसले होते. कन्या वाचू लागली आणि मध्येच थांबली.

"बाबा, हे म्हणतायत की काका गेले."

"कोठे गेले?"

"गेले म्हणजे वारले. श्रद्धांजलीच्या कार्यक्रमासाठी ऑडिओ पाठवलाय. दुःखात सहभागी आहेत." तिने माझ्याकडे पाहिले. "तुम्ही 'हयातीत' लिहिलंत, मी 'त्सू लेबत्सायटन' केलं. जर्मनमध्ये ते गेलेल्या माणसाबद्दलच म्हणतात."

"अहो, चांगल्या चालत्याबोलत्या माणसाला मारलंत की," पत्नी म्हणाली.

शब्द निर्दोष होता, हे माझे मत आजही कायम आहे. जिवंत मनुष्य आपल्या हयातीत नसतो तर कोठे असतो? तथापि दुरुस्तीचा अर्ज लिहिण्यासाठी मी तत्काळ कागद ओढला. नटांनी माझ्या हातावर हात ठेवला.

"थांबा. जिवंतपणी दोनदा विचारलं तर कोणी ओळख दिली नाही. मेल्यावर आठवड्यात काम झालं. राहू द्या."

कन्येने ध्वनिमुद्रण लावले. तेच दार, तीच थाप. मग एक कोवळा, पातळ आवाज आला. वाक्याच्या शेवटी तो किंचित वर चढत होता. "इस्ट दा येमांट?" म्हणजे, कोणी आहे का घरात? कथेत ते घर रिकामे असल्यामुळे उत्तर आले नाही. केवळ श्वास ऐकू येत होता.

त्यांनी ते पुन्हा लावावयास सांगितले, आणि पुन्हा.

"हा घाबरला आहे," अखेरीस ते म्हणाले. "तो दुसरा कधीच घाबरून बोलला नाही. आत कोणीतरी मरून पडलं असेल, ही भीती मी त्यात घातली होती. हे मी केलं होतं."

शस्त्रक्रिया झाली. आता ते मानेने आणि बोटांनी बोलतात. दुरुस्तीचा अर्ज मी तयार ठेवला आहे. दाखवला की ते मान हलवून नकार देतात. त्यामुळे वाहिनीच्या लेखी ते आजही दिवंगत आहेत.

कधीकधी दिवेलागणीला पाइपमधून खालचा आवाज वर येतो. "इस्ट दा येमांट?" कणीक मळणारे पत्नीचे हात थांबतात. खाली ते ध्वनिमुद्रण लावलेले आहे आणि त्याशेजारी कोण बसले आहे, हे आम्हास ठाऊक आहे. विचारणारा आवाज जगात उरलेला नाही, आणि ज्याचा तो होता त्यास आता विचारता येत नाही. अशा वेळी उत्तर न देणे मला सभ्यपणाचे वाटत नाही. मी चमचा घेऊन पाइपवर दोनदा वाजवतो. मग जिन्यात पावले वाजेपर्यंत आम्ही दोघे दाराकडे पाहत राहतो.